पुढचं काम कोणाकडे : काही टिपणं

बोलिव्हियाला समुद्र नाही, पण नौदल आहे. टिटिकाका सरोवरात आणि नद्यांवर त्याच्या बोटी फिरतात. १८७९ साली चिलीशी युद्ध झालं, त्यात किनारा गेला. त्याची आठवण म्हणून दर वर्षी २३ मार्चला तिथे सागर दिन पाळतात. प्रकरण हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयापर्यंत गेलं. २०१८ मध्ये निकाल आला : समुद्राच्या वाटेबद्दल बोलणी करायचं कुठलंही बंधन चिलीवर नाही.

देश गरीब का, हे सांगताना भूगोल आधी पुढे येतो. किनारा नाही, मलेरिया आहे, पाऊस बेभरवशाचा. यात खोटं काही नाही. किनारा नसलेल्या देशाचा माल शेजाऱ्याच्या रस्त्याने, शेजाऱ्याच्या बंदरातून आणि शेजाऱ्याच्या मर्जीने जातो. पण बोलिव्हियाचा किनारा कोणी हौसेने घेतला नव्हता. अटाकामाच्या वाळवंटात सोरा होता. खताला आणि दारूगोळ्याला युरोपात तो हवा होता. तो काढणाऱ्या कंपनीत चिलीचं आणि ब्रिटिशांचं भांडवल होतं. बोलिव्हियाने तिच्यावर क्विंटलमागे १० सेंटाव्हो कर बसवला आणि तिथून ठिणगी पडली. शाळेच्या नकाशात फक्त रेघ दिसते. तिच्यामागचा सोरा दिसत नाही.

*

जागतिक बँकेने जून २०२५ मध्ये अतिगरिबीची रेषा दिवसाला २.१५ डॉलरवरून ३ डॉलरवर नेली. हे डॉलर खरेदीशक्तीच्या हिशोबातले, बँकेत मिळणारे नव्हेत. रेषा सरकली की एका रात्रीत कोट्यवधी माणसं कागदावर गरीब होतात. बाजारात त्यांचं काही बदललेलं नसतं.

*

ब्रांको मिलानोविच या अर्थतज्ज्ञाचा एक निष्कर्ष असा : आज जगातल्या माणसामाणसांच्या उत्पन्नात जो फरक आहे, त्यातला निम्म्याहून मोठा भाग तो माणूस कोणत्या देशात राहतो एवढ्यावरून सांगता येतो. जात, शिक्षण, कष्ट, हुशारी हे सगळं उरलेल्या भागात. दोनशे वर्षांपूर्वी असं नव्हतं. तेव्हा तुम्ही जमीनदाराच्या घरी जन्मलात की कुळाच्या, यावर बरंच ठरायचं, मग देश कुठलाही असो. आता पाळणा कुठे हलला ते आधी विचारावं लागतं.

म्हणजे देशादेशांतली ही दरी सनातन नाही. ती गेल्या दोन-अडीच शतकांतली आहे. जी गोष्ट अलीकडे घडली तिची कारणं शोधता येतात. ती हवेत किंवा रक्तात शोधत बसायला नको.

*

एक हिशोब करून पाहिला. स्वयंपाकघरातल्या काट्यावर पूर्ण बाह्यांचा सुती शर्ट ठेवला. पाव किलोच्या आसपास भरला. कातताना, विणताना, बेतताना वाया जातं ते धरून रुई लागली असेल ३०० ग्रॅम. कापसाला रुईचा उतारा ३४ टक्क्यांच्या घरात पडतो, बाकीची सरकी. म्हणजे या शर्टासाठी शेतातून पाऊण-एक किलो कापूस वेचला गेला. २०२५-२६ चा लांब धाग्याचा हमीभाव क्विंटलला ८,११० रुपये होता. तो सगळा मिळाला असं धरलं, तरी शेतकऱ्याच्या हाती ७० रुपये. खेडा खरेदीत व्यापाऱ्याला दिला असेल तर त्याहून कमी. त्या ७० रुपयांत बियाणं, खत, फवारणी आणि वेचणीची मजुरी.

शर्ट १,५०० रुपयांचा.

उरलेले १,४३० रुपये कोणी लुबाडले असं नाही. जिनिंग, सूत, विणाई, रंग, शिलाई, वाहतूक, दुकानाचं भाडं, जाहिरात, बटणसुद्धा त्यातच आलं. मुद्दा इतकाच, की बोंडापासून बटणापर्यंत जी कामं झाली त्यात पहिल्या कामाला इतके थोडे पैसे, आणि पाऊस, बोंडअळी, भाव यांची सगळी जोखीम मात्र त्याच्याच अंगावर. देशांचंही बरंचसं असंच आहे. कोणाच्या वाट्याला कोणतं काम आलं, आणि पुढचं काम शिकायची मुभा कोणाला मिळाली?

*

अमेरिकेत १८६१ ते १८६५ यादवी युद्ध चाललं आणि लँकेशायरच्या गिरण्यांचा कापूस तुटला. त्यांनी वऱ्हाडाकडे पाहिलं. वऱ्हाड १८५३ मध्येच निजामाकडून ईस्ट इंडिया कंपनीच्या कारभारात आलेलं होतं. मुंबईत कापसावर पैसा इतका आला की समुद्र बुजवण्याच्या कंपन्या निघाल्या. युद्ध संपलं, भाव कोसळले, आणि त्या कंपन्यांबरोबर बँकाही बुडाल्या. हे मुंबईचं झालं.

वऱ्हाडातल्या खामगावचं वेगळं झालं. १८७० मध्ये जलंब–खामगाव रेल्वेचा फाटा सुरू झाला, उद्घाटनाला खुद्द व्हाइसरॉय लॉर्ड मेयो आले. एवढ्याशा फाट्याला एवढा मोठा पाहुणा, कारण तो फाटा कापसाच्या बाजाराच्या दारात जात होता. तारायंत्राने लिव्हरपूलचा भाव खामगावला कळू लागला. ज्या मार्गाने गाठी जात, त्याच मार्गाने मँचेस्टरचं कापड परत येई. कापूस आयुक्त रिव्हेट-कार्नॅक यांना तर ही दुहेरी सोय फार पसंत होती : कातणारे-विणणारे हात मोकळे झाले की ते कापूस पिकवायला लागतील, असा तो विचार.

ते हात लागलेही. ज्वारीच्या रानात कापूस आला. १८९६-९७ आणि १८९९-१९०० च्या दुष्काळांत वऱ्हाडात माणसं मेली, तेव्हा रेल्वे होती, बाजार होता, धान्यही बाहेरून येत होतं. विकत घ्यायला पैसा नव्हता. कातणाऱ्या-विणणाऱ्याकडे आता चरखा-मागही नव्हता.

*

१८४१ मध्ये भास्कर पांडुरंग तर्खडकर यांनी 'बॉम्बे गॅझेट'मध्ये टोपणनावाने पत्रं लिहून इंग्रज हा देश कसा धुऊन नेत आहेत ते मांडलं. दादाभाई नौरोजींचा संपत्तीच्या वहनाचा सिद्धान्त यायला तेव्हा पंचवीस वर्षं अवकाश होता. दादाभाईंनी १८६७ पासून आकडे लावले, १९०१ मध्ये ग्रंथ काढला : पगार, पेन्शनी, व्याज, नफा या रूपाने हिंदुस्थानातून दर वर्षी किती जातं आणि परत काहीच कसं येत नाही.

न्यायमूर्ती रानड्यांनी १८९० च्या पुण्याच्या औद्योगिक परिषदेत जरा निराळा सूर लावला. खंडणीच्या नावाने रडत बसण्यात अर्थ नाही, असं ते सरळ म्हणाले. त्यांना खुपत होतं ते दुसरंच. हा देश कच्चा माल पिकवणारा मळा झाला. तो माल परक्या दलालांनी परक्या जहाजांतून न्यायचा, परक्या कारागिरीने त्याची वस्तू करायची आणि ती इथेच आणून विकायची. पैसा गेला तर तो उद्या पुन्हा मिळवता येतो. काम गेलं की त्याबरोबर हात जातात, हातांमधलं कसब जातं, आणि ते कसब वापरून पुढचं यंत्र बनवणारा माणूस जन्मालाच येत नाही.

अर्जेंटिनाचे अर्थतज्ज्ञ राउल प्रेबिश हेच १९४९-५० मध्ये आकड्यांनी सांगू लागले, तेव्हा जगाने त्याला नवा सिद्धान्त मानलं. डेक्कन कॉलेजातलं रानड्यांचं १८९२ चं व्याख्यान तोवर अर्धशतक जुनं झालं होतं.

*

पुढचं काम शिकणाऱ्याला अडवायचं कसं, याचा नमुना. मुंबईत १८५४ मध्ये गिरणी उभी करायचं ठरलं, पुढे गिरण्यांची रांग लागली. लँकेशायरला ते सोसेना. १८९६ पासून परदेशी कापडावर साडेतीन टक्के आयातकर आणि हिंदी गिरणीच्या कापडावरही साडेतीन टक्के उत्पादनकर. न्याय कसा, दोघांना सारखा! तो कर जायला १९२५ साल उजाडलं. ज्या इंग्लंडने स्वतःच्या गिरण्या उभ्या राहण्याआधी १७०१ आणि १७२१ मध्ये कायदे करून हिंदी छिटांना आपल्या घरात बंदी केली होती, त्याच इंग्लंडने हे केलं.

*

गोव्यातून १९५० च्या दशकापासून लोहखनिज जपानला जाऊ लागलं. डिचोली, सत्तरी, सांगे इथल्या खाणींतून ट्रक, ट्रकमधून मांडवी-जुवारीवरच्या बार्जमध्ये, बार्जमधून मुरगाव बंदरातल्या जहाजात. जपानकडे म्हणण्यासारखं लोहखनिज नाही. तिथे त्याचं पोलाद झालं, पोलादाची जहाजं झाली. पुढे चीन गिऱ्हाईक झाला, तेव्हा पूर्वी टाकून दिलेली हलक्या प्रतीची मातीसुद्धा विकली गेली. रस्त्याकडेची घरं, माडांच्या झावळ्या, कुळागरं, सगळ्यांवर लाल थर. २०१२ मध्ये खाणी बंद झाल्या, पुन्हा सुरू झाल्या, २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ८८ लीज रद्द केल्या. ट्रकवाल्यांचे आणि बार्जवाल्यांचे हप्ते थकले.

साठ वर्षं खनिज विकलं. जपानची पोलादविद्या काही त्या बोटींतून परत आली नाही. ती आपोआप येतही नसते.

*

ती आणावी लागते. १९६० च्या सुमारास दक्षिण कोरिया आणि घाना यांच्या दरडोई उत्पन्नात फारसं अंतर नव्हतं. कोरियाने पोलादाचा कारखाना काढायचं ठरवलं, तेव्हा जागतिक बँकेला ते पटलं नाही. देशात चांगलं खनिज नाही, भांडवल नाही, बाजार नाही, मग पोलाद कशाला? १९६९ मध्ये परदेशी कर्जाचा बेत फिसकटला. मग १९६५ च्या करारानुसार जपानकडून मिळणारा भरपाईचा पैसा कोरियाने तिकडे वळवला, तंत्रज्ञही जपानचेच घेतले, आणि १९७३ मध्ये पोहांगच्या कारखान्यातून पोलाद निघू लागलं. पुढे त्याच पोलादावर जहाजं आणि मोटारी आल्या.

याला गोंडस करून सांगू नये. त्यामागे पार्क चुंग-ही यांची हुकूमशाही होती, दडपलेल्या कामगार संघटना होत्या, अमेरिकेची मदत होती, आणि १९५० च्या आसपास झालेलं जमिनीचं फेरवाटप होतं. शेवटची गोष्ट फार कमी लोक आठवतात. ज्याच्या नावावर थोडीफार जमीन झाली, त्याने पोरं शाळेत घातली. पोलादाच्या कारखान्याला शिकलेली पोरं आधी लागतात, लोहखनिज नंतर.

*

घानाचं काय झालं? राष्ट्राध्यक्ष क्वामे एन्क्रुमांचीही पुढच्या कामाची हाव कमी नव्हती. व्होल्टा नदीवर अकोसोम्बो धरण बांधायचं, त्याच्या विजेवर घानाच्याच बॉक्साइटचं अ‍ॅल्युमिनियम करायचं, हा त्यांचा बेत. अ‍ॅल्युमिनियमच्या कारखान्याचं भांडवल अमेरिकन कंपनीचं. तिने अट घातली, वीज स्वस्त हवी आणि कच्चा माल आम्ही बाहेरून आणू. म्हणजे घानाचं बॉक्साइट बाहेर जात राहिलं आणि घानाच्या विजेवर दुसरीकडून आणलेल्या अ‍ॅल्युमिनाचं अ‍ॅल्युमिनियम होत राहिलं. धरणाचं उद्घाटन जानेवारी १९६६ मध्ये झालं. पुढच्याच महिन्यात लष्कराने एन्क्रुमांना पदच्युत केलं.

*

जगातला निम्म्याहून अधिक कोको घाना आणि कोत दिव्वार या दोन देशांत पिकतो. चॉकलेटचा विषय निघाला की नाव मात्र स्वित्झर्लंड आणि बेल्जियमचं.

*

याच्या उलट उदाहरण हवं, नाहीतर आपणच आपल्या म्हणण्याच्या प्रेमात पडायचो. ऑस्ट्रेलिया लोहखनिज आणि कोळसा विकून श्रीमंत आहे. नॉर्वे तेल विकून. मग कच्चा माल विकणं शाप कसा?

ऑस्ट्रेलियातल्या पिलबारा भागात खनिजाच्या लांबच लांब गाड्या चालकाशिवाय धावतात. त्यांच्यावर नजर ठेवणारे लोक १,५०० किलोमीटर दूर पर्थमध्ये बसलेले. जमिनीतून निघते ती मातीच, पण ती काढण्याचं शास्त्र तिथलं, कर बसवणारी संसद तिथली. माणसंही थोडी. नॉर्वेने तेल सापडल्यावर आधी स्वतःची कंपनी काढली, मग पैसा वेगळ्या निधीत ठेवला. म्हणजे पुढचं काम हे नेहमी कारखान्यातलंच असतं असं नाही. काय काढायचं, किती काढायचं, कोणत्या भावाने विकायचं आणि पैशाचं काय करायचं, हे ठरवणंही पुढचंच काम.

*

हैतीच्या गुलामांनी फ्रेंच सैन्याला हरवून १८०४ मध्ये स्वातंत्र्य मिळवलं. १८२५ मध्ये फ्रान्सचा ताफा तोफा रोखून बंदरात आला. मागणी अशी : मळेवाल्यांचं नुकसान झालं, १५ कोटी फ्रँक भरा, मग तुम्हाला स्वतंत्र म्हणू. त्या नुकसानीत गुलामांची किंमतही धरलेली. म्हणजे विकत घेतलेल्या माणसांनी स्वतःचीच किंमत मालकाला चुकती करायची.

पहिल्या हप्त्यासाठी हैतीला पॅरिसच्याच सावकारांकडून ३ कोटींचं कर्ज घ्यावं लागलं. त्यातले ६० लाख दलालीचे आधीच कापले, हाती २ कोटी ४० लाख. १८३८ मध्ये एकूण रक्कम ९ कोटींवर आणली, पण कर्ज फेडायला कर्ज, त्याला पुन्हा कर्ज, असं ते १९४७ पर्यंत चाललं. कॉफीवरचा कर शाळेकडे, रस्त्यांकडे न जाता बोटीने पॅरिसला जात राहिला. एप्रिल २०२५ मध्ये फ्रान्सने या इतिहासाचा अभ्यास करायला दोन्ही देशांच्या इतिहासकारांचा आयोग नेमायचं जाहीर केलं.

हैतीत पुढे दुवालिए बाप-लेकांनी १९५७ ते १९८६ लूट केली, हेही खरं. पण त्यांच्या लुटीची गोष्ट सांगताना १८२५ पासून सुरुवात करावी लागते.

*

२०२४ चं अर्थशास्त्राचं नोबेल असेमोग्लू, जॉन्सन आणि रॉबिन्सन यांना मिळालं. त्यांचं म्हणणं थोडक्यात : देश श्रीमंत होतो तो संस्थांमुळे. कायदा सगळ्यांना सारखा लागू असला, मालमत्ता सुरक्षित असली, सत्तेला लगाम असला, तर लोक मेहनत करतात, पैसा गुंतवतात. वसाहतवाल्यांनी जिथे स्वतः राहायचं ठरवलं तिथे अशा संस्था उभारल्या. जिथून फक्त उपसायचं होतं तिथे उपशाच्या संस्था उभारल्या, आणि स्वातंत्र्यानंतर खुर्चीवर नवा माणूस बसला तरी यंत्रणा तीच राहिली.

पटण्यासारखं आहे. पेरूमध्ये १५७३ ते १८१२ या काळात ठरावीक प्रदेशांतल्या गावांना आपले पुरुष खाणीत वेठीला धाडावे लागत, पोतोसीच्या चांदीला आणि वांकावेलिकाच्या पाऱ्याला. अर्थतज्ज्ञ मेलिसा डेल यांनी त्या प्रदेशाच्या जुन्या हद्दीच्या अलीकडची आणि पलीकडची आजची घरं ताडून पाहिली. वेठीच्या बाजूच्या घरांची खर्च करण्याची ऐपत अजूनही जवळपास पाव हिश्शाने कमी. वेठ बंद होऊन दोनशे वर्षं झाली.

माझी तक्रार एकच आहे. संस्था म्हटलं की दोष त्या देशाच्या हद्दीत कोंडला जातो. शेजारच्या, समुद्रापलीकडच्या संस्थांचं काय?

*

हुकूमशहा मोबुटूंनी १९६५ ते १९९७ काँगो धुऊन काढला. वाडवडिलांच्या गावी, ग्बादोलिटेच्या जंगलात, राजवाडे आणि कॉन्कॉर्ड विमान उतरेल एवढी धावपट्टी. चोरी किन्शासात झाली, पण पैसा युरोपातल्या बँकांत आणि बंगल्यांत जमा झाला. तिथल्या संस्था अगदी उत्तम चालत होत्या.

*

झांबियाच्या निर्यातीची आकडेवारी पाहिली तर तांब्याचं मोठं गिऱ्हाईक म्हणून स्वित्झर्लंड दिसतं. तांबं काही आल्प्स चढून जात नाही, ते आशियात उतरतं. स्वित्झर्लंडला जातो तो कागद. व्यापारी कंपन्यांच्या कचेऱ्या तिथे, म्हणून खरेदी-विक्री तिथे. खाणवाल्या कंपनीने आपल्याच दुसऱ्या कंपनीला कोणत्या भावाने विकलं, हे लुसाकाच्या कर-अधिकाऱ्याने कसं तपासायचं?

याच झांबियाने रुमानियाकडून ट्रॅक्टर वगैरे घेण्यासाठी कर्ज काढलं होतं. ते थकलं. १९९९ मध्ये एका फंडाने ते बुडीत कर्ज रुमानियाकडून ३३ लाख डॉलरच्या आसपास विकत घेतलं, आणि साडेपाच कोटी डॉलरचा दावा लंडनच्या न्यायालयात लावला. २००७ मध्ये न्यायाधीशांनी फंडाच्या वागण्यावर कडक शब्दांत ताशेरे ओढले आणि तरीही सुमारे दीड कोटी डॉलर द्यायला लावले. करारावर सही होती.

*

बोत्स्वाना १९६६ मध्ये स्वतंत्र झाला तेव्हा देशात डांबरी रस्ता १२ किलोमीटर, पदवीधर २२. किनारा नाही, बराच भाग वाळवंट. १९६७ मध्ये ओरापाला हिरे सापडले. एरवी इथे गोष्ट बिघडते. पण पहिले राष्ट्राध्यक्ष सेरेत्से खामांनी खनिजाचा हक्क टोळ्यांकडून देशाकडे आणला होता, आणि तो आणताना स्वतःच्या टोळीचा हक्कही सोडला होता. डी बीअर्स या हिरेकंपनीशी भागीदारी हळूहळू निम्म्या-निम्म्यावर आणली. २०१३ मध्ये तर कच्च्या हिऱ्यांची निवड आणि विक्री लंडनहून उठून गॅबोरोनला आली. पुढचं काम म्हणतो ते हेच.

आता बोत्स्वानाला वेगळाच फटका बसला आहे. प्रयोगशाळेत हिरे बनू लागले, सुरतेतही बनतात, आणि खाणीतल्या हिऱ्याचा भाव पडला. २०२४ मध्ये बोत्स्वानाची अर्थव्यवस्था आकसली, त्याच वर्षी स्वातंत्र्यापासून सत्तेत असलेला पक्ष हरला. एकाच वस्तूवर देश उभा करणं किती धोक्याचं, हे शहाण्या सरकारलाही चुकवता आलं नाही.

*

बांगलादेशचे कपडे जगभर जातात, त्याची सुरुवात १९७९ ची. श्रीमंत देशांनी १९७४ पासून कापडाच्या आयातीवर देशवार कोटा बसवला होता. कोरियाचा कोटा भरला. कोरियाच्या देवू कंपनीने मग चितगावच्या देश गारमेंट्सशी करार केला आणि तिथली १३० माणसं शिकायला बुसानला नेली. सहा महिन्यांत ती शिवण, कापणी, माल तपासणं, गिऱ्हाइकाशी पत्रव्यवहार शिकून आली. काही वर्षांत त्यातली बहुतेक माणसं देश गारमेंट्स सोडून गेली आणि त्यांनी आपापले कारखाने काढले किंवा दुसऱ्यांना काढून दिले. मालकाचा तोटा, देशाचा फायदा.

२४ एप्रिल २०१३ ला ढाक्याजवळ राणा प्लाझा कोसळला, ११०० हून जास्त माणसं गेली. आदल्या दिवशी भिंतींना तडे दिसले होते. माल वेळेत जायचा होता. पुढचं काम मिळालं तरी भाव ठरवणारा दुसराच असतो.

*

१९७० च्या पेटंट कायद्याने भारतात औषधावर पेटंट मिळेना, फक्त ते बनवण्याच्या कृतीवर मिळे. दुसऱ्या कृतीने तेच औषध बनवायला मोकळीक. मुंबईतल्या आणि बाहेरच्या कंपन्यांतले रसायनशास्त्रज्ञ त्या मोकळिकीत तयार झाले. २००१ मध्ये आफ्रिकेत एड्सने माणसं मरत होती आणि औषधांचा वर्षाचा खर्च १० हजार डॉलरच्या वर होता. तेव्हा मुंबईच्या सिप्लाने तीच तीन औषधं वर्षाला ३५० डॉलरला देऊ केली. दिवसाला एक डॉलरही नाही.

१९९५ मध्ये जागतिक व्यापार संघटनेबरोबर नवे नियम आले, २००५ पासून भारतातही औषधावर पेटंट सुरू झालं. ज्या देशांना आता शिकायचं आहे, त्यांच्यातल्या बहुतेकांना आपली १९७० ची मोकळीक मिळणार नाही.

*

रत्नागिरीकडची माणसं एकोणिसाव्या शतकात गिरमिट्ये म्हणून मॉरिशसला उसाच्या मळ्यांत गेली. त्यांची पतवंडं आजही गणपती बसवतात आणि जाखडी नाचतात. १९६१ मध्ये जेम्स मीड या इंग्रज अर्थतज्ज्ञाने, पुढे त्यांना नोबेलही मिळालं, या बेटाचं भविष्य अंधारं सांगितलं : एकच पीक, लोकसंख्या फार, जमातींत तेढ.

भविष्य चुकलं. १९७० मध्ये निर्यातीच्या कारखान्यांसाठी सवलती आल्या. १९७५ पासून युरोपने मॉरिशसची साखर बाजाराहून चढ्या भावाने ठरलेल्या प्रमाणात घ्यायचं कबूल केलं आणि तो पैसा बेटावर गुंतला. निवडणुका होत राहिल्या. हे सगळं कौतुकाचं. पण आणखी एक वाट होती. भारताशी झालेल्या करकरारामुळे कितीतरी वर्षं भारतात येणारी परकीय गुंतवणूक कागदावर मॉरिशसहून यायची, कारण त्या वाटेने भांडवली नफ्यावरचा कर चुकायचा. २०१६ मध्ये करार बदलला. गिरमिट्यांच्या बेटाला सुबत्ता आली, तिच्यात थोडा वाटा आपल्या बुडालेल्या कराचाही आहे.

*

२०२४ मध्ये महाराष्ट्र सरकारने जर्मनीच्या बाडेन-वुर्टेमबर्ग राज्याशी करार केला, इथून कुशल कामगार तिकडे पाठवण्यासाठी. तोच फिटर, तोच पाना, तेच दोन हात. विमानातून उतरला की मजुरी कितीतरी पट. गरीब देशातला माणूस कमी राबतो, कमी शिकलेला असतो म्हणून गरीब, असं म्हणणाऱ्याने या फिटरकडे पाहावं. माल आणि पैसा हद्द सहज ओलांडतात. माणसाला मात्र व्हिसा लागतो, तो द्यायचा की नाही हे घेणाराच ठरवतो. आणि फिटर गेला की त्याला शिकवायचा आयटीआयचा खर्च इथल्या खात्यावर राहतो.

*

सगळं दुसऱ्यांचं लिहून झालं, आता आपलं. काजू पोर्तुगिजांनी ब्राझीलहून गोव्यात आणला. कोकणातल्या आणि गोव्यातल्या कारखान्यांना स्थानिक बी वर्षभर पुरत नाही. आफ्रिकेतली काजू बी, कोत दिव्वार, बेनिन, टांझानियाची, गोणीच्या गोणी जहाजाने येते. इथे ती उकडायची, फोडायची, सोलायची, गर वाळवून वेगळे करायचे. फोडणाऱ्या बायकांच्या बोटांना टरफलाचं तेल लागून कातडी काळी पडते, जळते. म्हणून हाताला राख नाहीतर गोडं तेल चोळून बसतात. मजुरी किलोवर. आख्खा पांढरा गर वेगळा, पाकळी वेगळी, तुकडा वेगळा, आणि भावात जमीन-अस्मानाचा फरक. पश्चिम आफ्रिकेतला शेतकरी विकतो ती बी. गराचा भाव त्याच्यापर्यंत पोचत नाही.

म्हणजे या साखळीत खामगाव तिकडे आहे आणि मँचेस्टर, लहानसं का होईना, इकडे.

बेनिनने १ एप्रिल २०२४ पासून कच्ची काजू बी देशाबाहेर पाठवायला बंदी केली. गर तिथेच काढायचा, असं ठरवून कारखान्यांसाठी औद्योगिक वसाहत उभारली. आयात बीवर चालणाऱ्या आपल्या कारखान्यांना हे जाचणारच. कोकणातल्या बागायतदाराला मात्र बरं वाटेल. त्याची मागणीच आहे की आफ्रिकेच्या बीवर कर वाढवा, २०१८ मध्ये तो ५ टक्क्यांवरून अडीचवर आणला तेव्हापासून तो कुरकुरतो आहे. दोघांचंही आपापल्या जागी खरं.

बेनिनच्या या बंदीने वेंगुर्ल्याच्या बाजूच्या एखाद्या कारखान्यात बायकांना कमी दिवस काम मिळालं, तर ते नुकसान आपलं आहे, आणि त्यावर सरकारने इथेच काही केलं पाहिजे. तरीही बेनिनने केलं ते बरोबर केलं. १८९० साली पुण्यात रानडे जे मागत होते, तेच बेनिन आज मागतो आहे. फरक इतकाच, की या खेपेला मागणी आपल्याकडे आली आहे.